ग्लेनकोलमकिल : डोनेगलच्या पश्चिम टोकाचं गाव

आयर्लंड बघायला येणारे आपले लोक बहुतेक डब्लिन, क्लिफ्स ऑफ मोहर, जमलंच तर किलार्नी एवढं करून परततात. डोनेगल राहून जातं. ते पार वायव्येच्या कोपऱ्यात आहे, तिकडे ट्रेनही जात नाही. त्यातलं ग्लेनकोलमकिल म्हणजे कोपऱ्याचाही शेवट, पुढे थेट अटलांटिक. माझी आई यंदा उन्हाळ्यात कणकवलीहून आमच्याकडे डब्लिनला आली होती, आणि ऑफिसमधली एक डोनेगलची मैत्रीण कधीपासून सांगत होती की जायचंच तर ९ जून धरून जा, त्या दिवशी गावात 'तुरस' असते, म्हणजे संत कोलमकिलच्या नावाची पायी यात्रा. आईला यात्रा म्हटल्यावर काही विचारायची गरजच नव्हती.

शनिवार

सकाळी आठला निघालो, मधे दोनदा थांबून दुपारी दोनच्या सुमारास पोचलो.

रस्त्याबद्दल एक गोष्ट मात्र नीट वाचा. डब्लिनहून डोनेगलला मॅप हमखास कॅव्हन-एनिस्किलनवरून नेतो, आणि एनिस्किलन नॉर्दर्न आयर्लंडमध्ये येतं, म्हणजे युकेत. बॉर्डरवर चौकी नाही, कुणी थांबवत नाही, पण भारतीय पासपोर्टवर तिकडे जायला युकेचा व्हिसा (किंवा आयर्लंडच्या व्हिजिट व्हिसावर युकेतही चालणारा 'BIVS' शेरा) लागतोच, तुम्ही इथे कामाला असलात आणि आयर्लंडचं रेसिडेन्स कार्ड असलं तरी. आईकडे तर फक्त आयर्लंडचा व्हिजिट व्हिसा होता. म्हणून आम्ही लाँगफर्ड, कॅरिक-ऑन-शॅनन, स्लायगो, बंडोरन असे गेलो. थोडं लांब पडतं पण सगळा रस्ता रिपब्लिकमधूनच, म्हणजे आयर्लंड देशातूनच जातो, शिवाय स्लायगोनंतर उजव्या हाताला बेनबुल्बेनचा तो सपाट माथ्याचा डोंगर बराच वेळ दिसत राहतो.

किलीबेग्स हे आयर्लंडचं सगळ्यात मोठं मासेमारी बंदर. ते मागे पडलं की रस्ता अरुंद होतो आणि पाट्या बदलतात. हा गेल्टाख्त भाग आहे, इथे रोजच्या बोलण्यात आयरिश भाषा आहे, त्यामुळे गावांच्या पाट्या फक्त आयरिशमध्ये. आपण कॅरिक शोधत असतो आणि पाटीवर 'अन खॅरिग' असतं. निघायच्या आधी वाटेतल्या चारपाच गावांची आयरिश नावं कागदावर लिहून घ्या, कारण पुढे मोबाईलची रेंज जाते-येते.

मग एक उजाड पठार लागतं, काळं-तपकिरी, दोन्ही बाजूंना दलदलीत कापून वाळत ठेवलेल्या टर्फचे छोटे छोटे ढीग. टर्फ म्हणजे हजारो वर्षं साचून दबलेल्या वनस्पतींचा चिखल, तो विटांसारखा कापायचा, उन्हावाऱ्यात वाळवायचा आणि चुलीत जाळायचा. झाडं फार नसलेल्या या प्रदेशात पिढ्यानपिढ्या हेच सरपण. आणि मग चढ संपतो नि एकदम खाली हिरवंगार खोरं उघडतं, पांढरी घरं विखुरलेली, मधे चर्चचा मनोरा, टोकाला समुद्र. नवऱ्याने न सांगता गाडी बाजूला घेतली.

आमची बीअँडबीवाली, म्हणजे राहायला खोली आणि सकाळचा नाश्ता देणारी, बाई सत्तरीची. तिने आधी चहा ठेवला आणि मग नावं विचारली. चहा दूध घालून, चांगला कडक, त्यामुळे आईचं पहिल्या कपातच जमलं. बरोबर ब्राऊन ब्रेड, अजून गरम, वर लोणी. आईने मला विचारायला लावलं की हा फुगवतात कशाने, तर यीस्ट नाहीच, ताक आणि खायचा सोडा. "ताक?" आई म्हणाली, आणि त्यानंतर दोघींना माझी गरज फारशी उरली नाही. आम्ही मुंबईकडचे म्हटल्यावर बाई लगेच म्हणाली, "लिओचे वडील तिकडचेच ना?" लिओ वराडकर, इथले आधीचे पंतप्रधान. वराड मालवण तालुक्यात, आईच्या माहेरापासून फार लांब नाही, आणि २०१९ च्या डिसेंबरात ते वराडला येऊन गेले तेव्हा आमचे निम्मे नातेवाईक बघायला गेलेले. हे सगळं सांगून होईपर्यंत सात वाजले. जूनमध्ये इथे सूर्य दहानंतर मावळतो, त्यामुळे जेवणानंतरही समुद्रापर्यंत आरामात फिरून आलो.

टीप: गावात दुकानं मोजकीच आणि लवकर बंद होतात. पेट्रोल किलीबेग्सलाच भरून घ्या, थोडी कॅश जवळ ठेवा.

रविवार

सकाळभर आडवा पाऊस, छत्रीचा काही उपयोग नाही. रेनकोट आणि वॉटरप्रूफ बूट हेच खरं. अकराच्या सुमारास उघडलं आणि आम्ही फोक व्हिलेजला गेलो.

समुद्राच्या काठाशी, उतारावर, गवताने शाकारलेल्या पांढऱ्या घरांची ही छोटी वाडी. प्रत्येक घर वेगळ्या काळातलं, अठराव्या, एकोणिसाव्या, विसाव्या शतकात इथली माणसं जशी राहायची हुबेहूब तसं बांधलेलं. सगळ्यात जुन्या घरात खाली माती, धुरकट अंधार, सामान जवळजवळ नाहीच. नंतरच्या घरात चुलीशेजारी भिंतीतच काढलेला कोनाडा आणि त्यात बिछाना, घरातल्या म्हाताऱ्या माणसांसाठी, म्हणजे रात्रभर ऊब मिळते आणि घरात कोण आलं-गेलं तेही दिसतं. छप्पर गोलसर ठेवून वरून दोर टाकलेले आणि ते भिंतीतून बाहेर काढलेल्या दगडी खुंट्यांना बांधलेले, नाहीतर इथला वारा छप्पर उचलूनच नेईल. आईने प्रत्येक खुंटीला हात लावून बघितला. भांडी, अवजारं, चरखे, पाळणे ह्या वस्तू गावातल्या लोकांनीच आपापल्या घरातून आणून दिलेल्या.

पण मला जे सांगायचंय ते या घरांपेक्षा ती कशी उभी राहिली त्याबद्दल आहे. १९५१ साली इथे फादर जेम्स मॅकडायर हे धर्मगुरू म्हणून आले. ते डोनेगलचेच, ग्लेन्टीजकडचे. तेव्हा या खोऱ्यात वीज नव्हती, नळाचं पाणी नव्हतं, डांबरी रस्ता नव्हता, दवाखाना नव्हता आणि रोजगार तर नव्हताच. तरुण पोरं-पोरी शाळा सुटली की स्कॉटलंड, इंग्लंड, अमेरिका. मॅकडायर लोकांना घेऊन सरकारच्या मागे लागले, आणि वाट बघत न बसता लोकांच्या श्रमदानातून कम्युनिटी हॉल बांधला. मग सहकारी तत्त्वावर एकेक काम सुरू केलं, भाजी पिकवून तिच्यावर प्रक्रिया करायचा कारखाना, विणकाम, पर्यटकांसाठी घरं. १९६७ ला हे फोक व्हिलेज. सगळे उद्योग टिकले नाहीत, काही बुडाले, पण फोक व्हिलेज आजही चालू आहे आणि गावाच्याच हातात आहे. तिकीट काढणारी, चहा देणारी, माहिती सांगणारी सगळी इथलीच.

आमची गाईड विशीतली मुलगी होती. शाळेच्या खोलीत उभी राहून तिने हायरिंग फेअरबद्दल सांगितलं. डोनेगलच्या गरीब भागातली मुलं, काही दहा-बारा वर्षांचीसुद्धा, स्ट्रबेन किंवा लेटरकेनीच्या बाजारात उभी केली जायची, शेतकरी येऊन त्यांना निवडायचे आणि सहा महिन्यांच्या कराराने कामाला न्यायचे, मेपासून नोव्हेंबरपर्यंत. विसाव्या शतकातसुद्धा हे चालू होतं. मोठी माणसं बटाटे काढायला स्कॉटलंडला जायची आणि तिथून पाठवलेल्या पैशावर इथलं वर्ष निघायचं. आणि जो अमेरिकेला जाणार त्याच्या घरी आदल्या रात्री सगळं गाव जमायचं, नाच-गाणी व्हायची, पहाटे रडारड. 'अमेरिकन वेक' म्हणायचे त्याला. वेक म्हणजे खरं तर मयताच्या घरी रात्र जागवणं. परत येणारे फारच थोडे. आई सगळं समजून घेत होती, मी भाषांतर करत होते, एका ठिकाणी मला थांबावं लागलं.

तिथल्या टीहाऊसमध्ये भाज्यांचं सूप आणि परत तोच ब्रेड. बाहेर कडक ऊन पडलेलं. त्या दिवशी इथे चारही ऋतू जेवणाच्या सुट्टीत येऊन गेले.

दुपारी मालिन बेगला. खोऱ्यापासून दहा-पंधरा मिनिटांची ड्राइव्ह, शेवटी रस्ता संपतो आणि खाली घोड्याच्या नालाच्या आकाराचा पांढऱ्या वाळूचा किनारा, तीन बाजूंना उंच कडे. खाली जायला दीडशेच्या वर पायऱ्या आहेत, गुडघे दुखत असतील तर वरून बघा, वरूनच जास्त सुंदर दिसतो. आई वरच थांबली, बाकावर एका मेंढपाळाबरोबर, दोघांना एकमेकांचं काहीही कळत नव्हतं पण त्याचा कुत्रा आईच्या पायाशी झोपला होता. वर गवतात पांढऱ्या दगडांनी लिहिलेली 'एअरा' अशी मोठी अक्षरं आहेत, म्हणजे आयर्लंड. दुसऱ्या महायुद्धात आयर्लंड तटस्थ होतं, वरून जाणाऱ्या विमानांना खाली कुठला देश आहे ते कळावं म्हणून किनाराभर अशी अक्षरं मांडली होती. जवळच दगडी टेहळणी मनोरा, तो नेपोलियनच्या काळातला, फ्रेंच आरमार येईल या भीतीने बांधलेला. गावात जेमतेम काहीशे माणसं, पण मोठ्या जगाची भीती इथपर्यंत पोचली होती.

येताना मालिन मोरच्या शेतात दगडी थडगी बघितली, पाच हजार वर्षांहून जुनी. कुंपण नाही, तिकीट नाही, मेंढ्या मधून चरतायत. फाटक उघडलंत तर परत लावा, एवढाच नियम.

रात्री पबमध्ये फिडल, म्हणजे लोकसंगीतातलं व्हायोलिन, ऐकायला गेलो. डोनेगलचं फिडल वेगळं आहे, धनुकलीचा प्रत्येक फटका सुटा, ताल करकरीत, नटवणूक कमी. याच खोऱ्यातल्या मिन ना क्रॉशचे जेम्स बर्न हे त्यातलं मोठं नाव, ते २००८ ला गेले, पण त्यांच्याकडून शिकलेले वाजवणारे आहेत. त्या रात्री 'हायलँड' नावाचा एक प्रकार वाजला आणि शेजारच्या आजोबांनी सांगितलं की ह्या चाली स्कॉटलंडहून आल्या, तिकडे बटाटे काढायला गेलेले लोक पैशांबरोबर चालीही घेऊन यायचे. दुपारी ज्या माणसांबद्दल ऐकून गळा दाटला होता तीच माणसं रात्री अशी भेटतील असं वाटलं नव्हतं. पबमध्ये एक जर्मन बाई आयरिश बोलत होती, व्यवस्थित, गावातल्या पोरांशी. इथे 'इजस गेल' म्हणून संस्था आहे, १९८४ पासून मोठ्या माणसांना आयरिश शिकवते, जगभरातून लोक येऊन राहतात, माजी राष्ट्राध्यक्ष मेरी मकालीसही इथे शिकायला यायच्या. लोकांनी गाव सोडू नये म्हणून धडपडलेल्या गावात आता भाषेसाठी लोक मुद्दाम येतात, मला याचं फार अप्रूप वाटलं.

टीप: पबमध्ये वाजवणारे पगारी कलाकार नसतात, ते मैत्रीत वाजवतात. समोर बसून व्हिडिओ काढू नका, आधी विचारा. आणि नऊच्या आधी जाऊ नका, काही सुरू झालेलं नसतं.

सोमवार, ९ जून

कोलमकिल हे आयर्लंडच्या तीन मुख्य संतांपैकी एक, पॅट्रिक आणि ब्रिजिडबरोबर. जन्म डोनेगलमध्येच, गार्टनला, ५२१ चा मानतात. ५६३ ला ते समुद्र ओलांडून स्कॉटलंडच्या आयोना बेटावर गेले, तिथे मठ काढला, आणि ५९७ च्या ९ जूनला वारले. म्हणून यात्रा त्या तिथीला. लोककथा अशी की पॅट्रिकने डोंगरावरून हाकललेले राक्षस या खोऱ्यात येऊन लपले होते आणि कोलमकिलने घंटा फेकून त्यांना समुद्रात पळवलं.

काहीजण मध्यरात्रीच निघतात, अनवाणी. आम्ही सकाळी बीअँडबीवाल्या बाईच्या बहिणीबरोबर निघालो. एकूण पंधरा थांबे, साधारण पाच किलोमीटर, पण शेतातून, दलदलीतून, चढावरून, त्यामुळे तीन-साडेतीन तास धरा. पहिला थांबा गावच्या चर्चजवळ, आणि तो कोलमकिलच्याही कितीतरी आधीच्या एका थडग्याच्या दगडांपाशी आहे. म्हणजे जागा आधीपासूनच मानलेली होती, संत नंतर आले. पुढच्या थांब्यांवर उभ्या शिळा, त्यांच्यावर कोरलेले क्रूस, चौकोन, वर्तुळं, गुंतलेल्या रेषा, हजार-बाराशे वर्षांच्या पावसानेही न पुसलेल्या. त्या संग्रहालयात नाहीत, कुणाच्या तरी परसात आहेत, शेताच्या बांधावर आहेत, एकीच्या शेजारी कपडे वाळत होते.

प्रत्येक ठिकाणी तीन फेऱ्या, सूर्याच्या दिशेने, म्हणजे शिळा उजव्या हाताला ठेवून. आईला हे कुणी सांगावं लागलं नाही. ती पहिल्याच शिळेला बरोबर दिशेने चालायला लागली, तेव्हा त्या बहिणीने तिच्याकडे बघितलं आणि मला म्हणाली, "हिने आधी केलीय का?" मी म्हटलं, गेली साठ वर्षं, देवळात. मग त्या दोघी पुढे नि आम्ही मागे.

एका शिळेला वरच्या भागात आरपार भोक आहे. मन निर्मळ असेल तर त्यातून स्वर्ग दिसतो म्हणतात. रांगेतले सगळे वाकून बघत होते, अगदी शाळकरी पोरंसुद्धा गंभीरपणे. आईने बघितलं, काय दिसलं ते सांगितलं नाही.

सगळ्यात अवघड थांबा कोलमकिलच्या विहिरीचा. विहीर म्हणजे झरा, डोंगराच्या अंगावर, आणि त्याच्याभोवती दगडांची प्रचंड रास. यात्रेकरूने खालून तीन दगड उचलून न्यायचे आणि फेऱ्या घालताना त्या राशीत टाकायचे. म्हणजे ती रास एकेका माणसाने वाहून आणलेल्या दगडांची आहे, शेकडो वर्षांची, त्यात गाव सोडून गेलेल्यांचेही दगड असणार. आई इतकी वर चढणार नव्हती, खाली फाटकापाशी थांबली, पण तिने तिचे तीन दगड निवडून माझ्या हातात दिले. ओंजळीत सहा दगड घेऊन मी चढले. वर वारा एवढा की शेजारच्याची प्रार्थना ऐकू येत नव्हती, आयरिश कुठली नि इंग्रजी कुठली. पाणी बर्फासारखं गार.

उतरल्यावर बहिणीच्या घरी चहा, हॅम सँडविच, आईसाठी अंड्याचं, आणि मोठा ॲपल टार्ट. घरात यात्रेकरू येत होते, खात होते, जात होते, कोण कुठला कुणी विचारत नव्हतं. डब्लिनमध्ये नोकरीला असलेला तिचा मुलगा मुद्दाम सुट्टी काढून आलेला. तो म्हणाला, ख्रिसमस एखाद वेळी चुकतो, हे चुकवत नाही.

टीप: तुरसची वाट खाजगी शेतांतून जाते. ९ जूनला मोकळेपणी जाता येतं, इतर दिवशी जायचं तर गावात विचारून जा. कुत्रा नेऊ नका, मेंढ्या असतात. आणि वारा पडला की मिज नावाची बारीक चिलटं येतात, डोळ्या-कानात जातात, त्यावरचा स्प्रे जवळ ठेवा. धर्म विचारत नाहीत, पण ही त्यांची प्रार्थना आहे, फोटो कमी काढा.

मंगळवार

परतीच्या वाटेवर स्लीव लीग. समुद्रातून सरळ वर आलेले कडे, उंची सुमारे ६०० मीटर, क्लिफ्स ऑफ मोहरच्या जवळजवळ तिप्पट, आणि गर्दी मात्र खूपच कमी. सीझनमध्ये वरपर्यंत गाडी नेऊ देत नाहीत, खालच्या पार्किंगहून शटल आहे, ज्येष्ठांना सोयीची. आम्ही गेलो तेव्हा पंधरा मिनिटं फक्त पांढरं धुकं होतं, लोक कंटाळून परत निघाले, आणि मग ढग फाटला नि अख्खा कडा एकदम समोर, गंजासारखे लाल-पिवळे पट्टे, तळाशी फेस. इथे घाई करू नका, तास-दीड तास ठेवाच.

मग किलकार. इथे डोनेगल ट्वीड अजून हातमागावर विणतात आणि काम चाललेलं बघता येतं. आईचे वडील, माझे आजोबा, परळच्या गिरणीत साचेखात्यात होते. सगळं आयुष्य मुंबईत खोलीवर काढलं, दर महिन्याला गावी मनिऑर्डर, आणि १९८२ च्या संपानंतर कणकवलीला परत आले ते कायमचे. आई लहानपणी एकदा त्यांच्याबरोबर गिरणीत गेली होती. इथे मागाचा खटखट आवाज आला आणि ती दारातच थांबली, मग सरळ विणकराजवळ गेली. "धोटा कुठाय विचार त्याला," मला म्हणाली. त्याने माग थांबवला, धोटा काढून तिच्या हातात दिला. तिने विचारलं, सूत तुटलं तर कसं जोडता, दिवसाला किती वार होतं, बाजूला मदतीला कुणी असतं का. त्याने एकेकाचं उत्तर दिलं, गाठ कशी मारतो ते दोनदा करून दाखवलं. आम्ही तिथे जवळपास तासभर होतो. आईने करड्या रंगाचा, मधे निळे-पिवळे ठिपके असलेला स्कार्फ घेतला. डोनेगल ट्वीडची हीच ओळख, सुतातच रंगाचे बारीक गोळे असतात.

किलीबेग्सला बंदरावर जेवलो. चावडर, म्हणजे माशांचं दाट दुधाळ सूप, आणि तळलेलं मॅकरेल. आईचं मत : बांगड्याचीच चव, तेल जास्त, मसाला हवा होता, पण मासा एकदम ताजा. काटे नीट काढून सगळं संपवलं.

गाडी नसेल तर डोनेगल टाउनहून किलीबेग्समार्गे ग्लेनकोलमकिलला बस आहे, दिवसाला मोजक्याच फेऱ्या, रविवारी त्याहून कमी, वेळापत्रक बघूनच निघा. ९ जूनच्या आसपास जायचं असेल तर राहायची सोय दोन-तीन महिने आधी करा. आणि एक दिवस हाताशी ठेवा, डोंगरापलीकडे अन पोर्ट नावाचं ओस पडलेलं गाव आहे, भिंती उभ्या आहेत, माणसं गेली. आम्हाला ते जमलं नाही, पावसाने रविवारची सकाळ घेतली.